झटका मशीन : तिसरा हरभरा घाट्यावर असताना लिहिलेला अनुभव

२०२३ च्या पोळ्यानंतर आम्ही वावराला झटका मशीन लावली, म्हणजे डुकरं आत येऊ नयेत म्हणून कुंपणाच्या तारेत विजेचा झटका सोडणारी मशीन. आता तिसरा हरभरा घाट्यावर आला आहे. गावातले, माहेरचे, आठवडी बाजारात भेटणारे, सगळे एकच विचारतात : घ्यावी का? घ्यावी. उद्या ही बिघडली तर मी दुसरी घेईन. पण दुकानात जे सांगत नाहीत ते आधी माहीत असावं, नाही तर पहिल्याच झडीत मशीन अडगळीत जाते. आमच्या गावात अशा दोन मशिनी अडगळीत पडल्या आहेत, आणि दोन्हींत मशीनचा काही दोष नव्हता.

आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यातल्या राळेगाव तालुक्यात. सहा एकर काळी जमीन, विहिरीचं ओलित. खरिपाला कपाशी, तूर, सोयाबीन. रबीला हरभरा आणि घरापुरता गहू. दक्षिणेचा धुरा, म्हणजे बांध, ओलांडला की झुडपी जंगल लागतं. डुक्कर आणि रोही, म्हणजे नीलगाय, तिथूनच येतात.

मशीनची किंमत समजायची तर जागल काय असते ते सांगावं लागेल. तूर फुलावर आली की हरभरा निघेपर्यंत, म्हणजे दिवाळीपासून होळीपर्यंत, आमच्याकडचा पुरुष माणूस रात्री घरात नसतो. जेवलं की घोंगडी, बॅटरी, फुटका डबा आणि सुतळी बॉम्बचं पाकीट घेऊन वावरात. दर तासा-दीड तासानं मचाणावरून उतरायचं, डबा वाजवायचा, हाळी द्यायची. शेजारच्या वावरातून हाळी आली की बरं वाटतं, कारण तिकडचा माणूस जागा आहे. पहाटे घरी यायचं, चहा घ्यायचा आणि फवारणीचा पंप पाठीवर घालून परत निघायचं. माझ्या लग्नानंतरचे सतरा हिवाळे, मधले दोन सोडले तर, आमच्या घरात असेच गेले. माझी मुलगी लहान असताना तिला वाटायचं की सगळ्यांचेच बाबा थंडीत वावरात झोपतात.

आणि ज्या रात्री डोळा लागला, त्याच रात्री कळप शिरतो. डुक्कर खातं त्यापेक्षा तुडवतं आणि उकरतं जास्त. भुईमुगात शिरलं तर एका रात्रीत अर्धा एकर नांगरल्यासारखा करून ठेवतं. म्हणून भुईमूग आम्ही २०१२ पासूनच सोडला होता.

२०१६ ते २०१८ ही वर्षं तर वेगळीच होती. टी-१ वाघीण, जिला लोक अवनी म्हणत, तिची दहशत याच भागात होती. तेरा माणसांच्या मृत्यूशी तिचं नाव जोडलं गेलं होतं. २ नोव्हेंबर २०१८ च्या रात्री ती बोराटीच्या जंगलात मारली गेली. त्याआधीच्या दोन हिवाळ्यांत मी यांना जागलीला जाऊ दिलं नाही. सकाळी जायचं आणि काय उरलं ते पाहून यायचं, एवढंच हातात होतं. ती वाघीण गेली, पण टिपेश्वर अभयारण्य इथून फार लांब नाही, आणि वाघाच्या पायाचे ठसे अजूनही कधीमधी धुऱ्यावर दिसतात. मचाणावर एकट्या बसलेल्या माणसाला पाठीमागे पाचोळा वाजला की काय वाटतं, ते त्यालाच माहीत.

मशीनच्या आधी सगळे उपाय करून झाले होते. न्हाव्याच्या दुकानातले केस पोत्यानं आणून धुऱ्यावर पसरले, ते पहिल्या पावसात वाहून गेले. मग साड्या. आमच्याकडे बाजारात जुन्या साड्या किलोवर मिळतात, त्या खुंट्यांना गुंडाळून वावराभोवती कुंपण करतात. विदर्भात फिरलात तर मैलोन्‌मैल असं रंगीत कुंपण दिसेल. आमच्याकडे विकतच्या साड्या पुरल्या नाहीत तेव्हा घरातल्या काढल्या. माझी लग्नानंतरच्या पहिल्या संक्रांतीची हिरवी साडी विहिरीजवळच्या कोपऱ्यावर बांधली. डुक्कर आठ दिवस बुजलं. नवव्या दिवशी ती साडी खालून फाटलेली होती आणि चिखलात तिच्यावरच खुरांचे ठसे होते. त्या दिवशी मी म्हटलं, आता मशीन आणायची.

मशीन आम्ही तालुक्याच्या दुकानातून घेतली. एका मोठ्या चौकोनी डब्याएवढी ती असते, सोबत सौर पॅनल, बारा व्होल्टची बॅटरी, तार तुटली की बोंबलणारा हूटर आणि पाच दिव्यांचा टेस्टर. हे सगळं ११,५०० रुपयांना पडलं. बाकीचा खर्च लोक धरत नाहीत, म्हणून तोही सांगते. सहा एकरांचा घेर आमच्याकडे साधारण ६५० मीटर. तीन पदरी तार म्हटलं की जवळपास दोन हजार मीटर झाली. सोळा गेजची तार ३४ किलो लागली, ३,४०० रुपये. पंधरा फुटांवर एक याप्रमाणे १४५ बांबू, ६,५२५ रुपये. इन्सुलेटर ४५०, त्याचे १,८०० रुपये. अर्थिंगचं सामान ६०० रुपये. एकूण २३,८२५ रुपये, आणि मजुरी घरचीच. म्हणजे निम्मे पैसे मशीनचे आणि निम्मे कुंपणाचे. मशीन स्वस्तात मिळाली म्हणून नाचत घरी येणाऱ्याला बांबूचा खर्च नंतर कळतो.

जंगलालगतच्या गावांना वनविभागाच्या डॉ. श्यामाप्रसाद मुखर्जी जन-वन विकास योजनेतून सौर कुंपणासाठी किमतीच्या ७५ टक्के किंवा १५,००० रुपये, यातलं जे कमी असेल तेवढं अनुदान आहे. गाव यादीत आहे का ते वनरक्षकाला विचारा आणि पैसे भरण्याआधी विचारा. आम्ही मशीन आधी घेतली आणि नंतर विचारलं.

ती कशी चालते ते मला दुकानदारानं नीट सांगितलं नाही. ते मी आमच्या गावच्या वायरमनकडून समजून घेतलं. बॅटरीचे बारा व्होल्ट मशीन आठ-दहा हजार व्होल्टपर्यंत चढवते, पण तो करंट तारेत सतत वाहत नाही. साधारण सेकंदाला एकदा, तोही सेकंदाच्या हजाराव्या भागापेक्षा कमी वेळ. टिक. मग शांत. टिक. जनावर चिकटत नाही, कारण पुढच्या ठोक्याच्या आत ते मागे सरकलेलं असतं. डुकराच्या अंगावर राठ केस असतात, तिथे झटका नीट लागत नाही. लागतो तो ओल्या नाकाला. म्हणून पहिली तार जमिनीपासून अर्ध्या फुटाच्या वर नको. दुकानातल्या चित्रात ती एक फुटावर होती. आम्ही चित्राप्रमाणे लावली आणि पहिल्या आठवड्यात दोन पिलं खालून गेली.

पहिल्या दिवशी मामाजींनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, तारेजवळ उकिडवं बसून बराच वेळ ते टिक-टिक ऐकलं. मग म्हणाले, "बाई, एवढ्याशा आवाजाले डुक्कर भेते का वं?" मी हिरव्या गवताची लांब काडी तोडली, वायरमननं दाखवलं होतं तशी टोकानं तारेला लावली आणि हळूहळू हात पुढे सरकवत गेले. काडी लांब असते तोवर बोटात नुसतं ठसठसतं, जसं नस उडावी तसं. वीतभर राहिली की कोपरापर्यंत टोला बसतो. मामाजींनीही करून पाहिलं आणि काडी टाकून दिली. डुकराला नेमकं काय वाटत असेल ते त्या दिवशी आम्हा दोघांना कळलं.

तिसऱ्या रात्री, दोनच्या सुमारास, दक्षिणेच्या धुऱ्यावरून एक किंकाळी आली. हे त्या रात्री मचाणावरच होते, खात्री होईपर्यंत जागल सोडायची नाही असं ठरलं होतं. सकाळी जाऊन पाहिलं तर तारेच्या पलीकडे, ओल्या मातीत, कळप थांबल्याच्या खुणा होत्या. बऱ्याच खुरांची दाटी, आणि मग सगळी खुरं उलटी फिरलेली. आतल्या बाजूला एकही ठसा नव्हता. मी तिथे किती वेळ उभी होते मला आठवत नाही.

महिनाभरानं हे घरी झोपायला लागले. झोपायला लागले म्हणजे खाटेवर पडायला लागले. सतरा वर्षांची सवय. दोन वाजले की जाग यायची, अंगणात जाऊन वावराच्या दिशेनं कान देऊन उभे राहायचे. संक्रांतीपर्यंत ते चाललं. आता सकाळपर्यंत झोपतात. खोकलाही कमी झाला आहे, तो थंडीचा आणि शेकोटीच्या धुराचा होता.

हरभऱ्याचा हिशेब सांगते. मशीनच्या आधीच्या वर्षी दोन एकरांत सात क्विंटल झाला होता. पहिल्या वर्षी तेरा, दुसऱ्या वर्षी साडेबारा. पाऊस-पाणी दरवर्षी सारखं नसतं, म्हणून सगळं श्रेय मशीनला देत नाही, पण वावरात रिकामे खांडवे दिसत नाहीत, हे डोळ्यांना दिसतं. गेल्या उन्हाळ्यात अर्धा एकर भुईमूग लावला, चार क्विंटल वाळलेल्या शेंगा घरी आल्या. तेरा वर्षांनी घरच्या शेंगा. मामाजींनी ज्वारीसाठी हट्ट धरला होता, तर धुऱ्याकडेनं सहा ओळी गावरान ज्वारी पेरली. पाखरांना झटका लागत नाही, त्यामुळे गोफण घेऊन ते स्वतः बसले. दिवाळीनंतर हुरडा झाला. कडबा गायीला झाला.

आता खोड्या. एक एक करून सांगते, कारण इथेच मशीन फसते.

सगळ्यात मोठी गोष्ट अर्थिंग. झटका बसायचा तर करंट तारेतून जनावरात, जनावराच्या पायातून जमिनीत आणि जमिनीतून परत मशीनच्या अर्थिंगला यावा लागतो. आमची काळी माती पावसाळ्यात लोण्यासारखी, पण फेब्रुवारीनंतर तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. अर्थिंगची सळई त्या भेगेत मोकळी लोंबते आणि मशीन टिक-टिक करत असली तरी तारेत दम नसतो. दुकानदारानं एकच सळई दिली होती, दोन फुटांची. आम्ही नंतर चार-चार फुटांच्या तीन सळया दहा-दहा फुटांवर ठोकल्या, खड्ड्यात कोळसा आणि मीठ भरलं आणि त्या विहिरीच्या पाटाजवळ घेतल्या, म्हणजे ओल राहते. उन्हाळ्यात आठवड्यातून दोनदा तिथे बादलीभर पाणी टाकते. एवढं केल्यावर टेस्टरचे जे दोन दिवे लागत होते ते पाच लागू लागले.

दुसरी गोष्ट झड. श्रावणात आमच्याकडे पाच-पाच, सहा-सहा दिवस सूर्य दिसत नाही. सोबत आलेलं पॅनल वीस वॅटचं आणि बॅटरी बारा अँपियर-अवरची होती. चौथ्या रात्री मशीन बंद. मग चाळीस वॅटचं पॅनल १,७०० रुपयांना आणि सव्वीसची बॅटरी २,६०० रुपयांना घेतली. विदर्भात घेणाऱ्यानं पहिल्यापासून मोठंच मागावं. त्या झडीतच गवत वाढतं, आणि ओलं गवत तारेला टेकलं की तिथून करंट जमिनीत उतरतो. पावसाळ्यात दर आठ दिवसांनी खालच्या तारेखालचं गवत कापावं लागतं. ६५० मीटर वाकून कापायचं आहे, हे मशीन घेण्याआधी घरात बसून ठरवा की कोण कापणार. आमच्या गावातल्या त्या दोन मशिनी याच कामापायी बंद पडल्या.

तिसरी गोष्ट विजेची. २०२४ च्या जूनमध्ये मृगाच्या पावसात कडाडलं आणि मशीनचं कार्ड जळालं. दुकानात नेली तर, हे वॉरंटीत बसत नाही म्हणाले. विकताना दोन वर्षांची वॉरंटी तोंडानं सांगितली होती, विजेचा विषय कुणी काढला नव्हता. दुरुस्तीचे १,४०० रुपये घेतले आणि एकोणीस दिवस लावले. सोयाबीन नुकतं उगवलं होतं. पहिल्या दोन रात्री डुक्कर तारेपर्यंत येऊन परत गेलं; तिसऱ्या रात्री आत आलं. तारेत जीव नाही हे त्यांना दोन दिवसांत कळतं. यांनी पुन्हा घोंगडी उचलली. त्या एकोणीस दिवसांचा राग मला अजून आहे, पैशांचा नाही तेवढा त्या बोलण्याचा. फोन केला की "उद्या पाहू ताई" आणि उद्या फोनच उचलायचा नाही. म्हणून सांगते, वॉरंटीत काय बसतं आणि काय नाही ते बिलावर लिहून घ्या, आणि दुरुस्ती होईपर्यंत बदली मशीन देतात का ते विचारा. आता आभाळ भरून आलं की आम्ही मशीनची तार सोडून ठेवतो.

रोह्याबद्दलही खरं सांगते. डुक्कर जेवढं लवकर शिकतं तेवढा रोही शिकत नाही. उंच जनावर, कळपानं पळत येतं, छातीनं तार तोडून जातं. झटका बसेस्तोवर ते आत आलेलं असतं. आम्ही चार फुटांवर चौथी तार ओढली आणि तिला चकचकीत पट्ट्या बांधल्या, तेव्हापासून वर्षभरात दोनदाच तुटली. तुटली की हूटर वाजतो, तो घरापर्यंत ऐकू येतो. वानरांवर ही मशीन काही करत नाही. ते झाडावरून उडी मारतात.

एक गोष्ट हात जोडून सांगते. काही लोक मशीनचा खर्च नको म्हणून तारेला सरळ घरचा किंवा मोटारीचा करंट जोडतात. तो सेकंदाच्या हजाराव्या भागाचा झटका नसतो, तो २३० व्होल्टचा सतत वाहणारा करंट असतो. हात आखडतो आणि तार सुटत नाही. विदर्भात अशा तारांनी वाघ मेले, माणसं मेली. पहाटे ओलित पाहायला गेलेले बाप मेले. तो कायद्यानं गुन्हा आहे, आणि आपल्याच धुऱ्यावरून आपलीच माणसं चालतात. मशीन घेतानाही तिच्यावर आयएस ३०२ चा शिक्का पाहा. बिनशिक्क्याच्या, कुणीतरी घरी जोडलेल्या मशिनी बाजारात येतात, त्यातून किती करंट निघतो ते विकणाऱ्यालाही ठाऊक नसतं. आणि पिवळी पाटी लावा, शेळ्या चारणाऱ्या पोरांना स्वतः नेऊन तार दाखवा.

एक गोष्ट मात्र माझ्या मनाला दुसऱ्या वर्षापासून लागून होती. आमच्या पूर्वेला एका काकूंचं तीन एकर वावर आहे. काका गेले, मुलगा पुण्याला कंपनीत. आमच्याकडून परत फिरलेला कळप उपाशी झोपत नाही. २०२४ च्या हिवाळ्यात काकूंच्या हरभऱ्यात मी सकाळी उभी होते, गुडघ्याएवढे खड्डे पडले होते, आणि काकू न चिडता म्हणाल्या, "तुमच्याकून हाकललेले डुक्कर माह्याकडं येऊन राहिले, बाई. तुमची चूक नाही." मला त्यावर काही बोलता आलं नाही. दुकानात, जाहिरातीत, कुणीच हे सांगत नाही की एकाची मशीन म्हणजे शेजाऱ्याच्या वावरात दुप्पट डुक्कर.

घरी येऊन मी वहीत आकडे मांडले. काकूंनी वेगळं कुंपण करायचं तर ४५० मीटर घेर. पण दोन्ही वावरांमधला धुरा १५० मीटरचा, तिथे तारेची गरजच नाही. दोन्ही मिळून बाहेरचा घेर ८०० मीटर, म्हणजे आमच्यापेक्षा फक्त १५० मीटर जास्त. काकूंच्या तीन बाजूंना ६६ बांबू लागणार होते, त्यातले ३३ मधल्या धुऱ्यावरून काढूनच मिळाले, तारही तिथलीच निघाली. मशीन तीच, बॅटरी तीच. काकूंना सगळं मिळून साडेतीन हजारांच्या आत बसलं. हे पहिल्या वर्षीच करायला हवं होतं. घेणाऱ्यांनी आधी चारही धुऱ्यांच्या शेजाऱ्यांना एका जागी बसवावं आणि मगच दुकानात जावं. चार वावरांचा घेर एकत्र मोजला तर प्रत्येकाच्या वाट्याला बरीच कमी तार येते.

गेल्या दसऱ्यानंतर ती तार जोडली. आता सकाळची फेरी काकू मारतात, संध्याकाळची मी. टेस्टरचे पाचही दिवे लागले की त्या मला मिस कॉल देतात. आज सकाळी मिस कॉल आला नाही, फोनच आला : चारच लागताहेत, विहिरीकडच्या बाभळीची फांदी तारेवर पडली आहे. कोयता घेऊन निघते.